मदत हवी आहे: स्वतःच्या संस्थेवरच्या लेखातली चूक कशी दुरुस्त करावी?

मी ज्या संस्थेत पगारी नोकरी करतो, तिच्यावरच्या विकिपीडिया लेखात स्थापनेचं वर्ष चुकलं आहे आणि दोन वर्षांपूर्वी पायउतार झालेल्या अध्यक्षांचं नाव अजून तसंच आहे. लेखात एका कोर्टाच्या खटल्याचाही परिच्छेद आहे. तो काढून टाक असं वरिष्ठ म्हणतात, पण त्याला वर्तमानपत्रांचे नीट संदर्भ आहेत, त्यामुळे त्याला हात लावणार नाही हे मी त्यांना स्पष्ट सांगितलंय.

२०१४ पासून विकिपीडियाच्या वापर-अटींनुसार मोबदला घेऊन संपादन करणाऱ्याने मालक, ग्राहक आणि संबंध उघड करावा लागतो, म्हणून माझ्या खात्याच्या सदस्य पानावर तसं लिहिलं आहे. लेखाच्या चर्चा पानावर जुनं वाक्य, सुचवलेलं वाक्य आणि संस्थेबाहेरचा संदर्भ देऊन विनंती केली. पाच आठवडे झाले, कुणाचंच उत्तर नाही. संस्थेची वेबसाइट मी मुद्दामच संदर्भ म्हणून दिलेली नाही. सहकाऱ्याच्या खात्यातून बदल करून घेण्याचा सल्लाही मिळाला, पण ते मला अजिबात पटत नाही.

आणखी एक गोष्ट. नियम माहीत नव्हते तेव्हा मी संस्थेच्या पुरस्कारांबद्दल एक वाक्य थेट घातलं होतं. ते अजून लेखात आहे.

तर, उत्तर येत नसेल तर निव्वळ वर्ष आणि नाव, संपादन सारांशात (बदल जतन करताना लिहायच्या छोट्या टिपेत) संबंध सांगून, मी स्वतः बदलू शकतो का, की आधी चावडीवर (विकिपीडियाच्या सामायिक चर्चेच्या पानावर) विचारावं? आणि ते जुनं वाक्य मीच काढावं की चर्चा पानावर कबुली देऊन निर्णय इतरांवर सोडावा?