चार दिवसांसाठी आलेले मामा

डोंबिवलीत वन बीएचके, मुलगा बारावीला. मिस्टरांचे मामा सांगलीहून मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी ‘चार दिवस’ आले. आज तेविसावा. डोळा ठणठणीत आहे. पेपरातल्या छोट्या जाहिरातीसुद्धा वाचतात, तेही मोठ्याने. आमच्याकडे पाणी सहा ते पावणेसात, त्यातला अर्धा तास त्यांची आंघोळ. हॉलमध्ये टीव्ही, म्हणून मुलगा ओट्याशी पाट टाकून फिजिक्स करतो. माणूस वाईट नाही हो. भाजी निवडून देतात (मेथीच्या कोवळ्या काड्याही फेकतात, पण असो). रोज म्हणतात, “परवा निघतो.” कसं सांगू?

ठाण्याची आजी: पहिल्या दिवशी पाहुणा, दुसऱ्या दिवशी पै, तिसऱ्या दिवशी राही त्याची अक्कल जाई. आमच्या वेळी हे पाहुण्यासमोरच म्हणायचे, हसत हसत.

पोथीवाला: ‘अतिथिदेवो भव’ तैत्तिरीय उपनिषदातलं, खरंच. पण मनुस्मृतीत एक रात्र राहतो तो अतिथी, असं आहे. तेवीस दिवस नव्हे. आणि देव म्हणाल तर दीड दिवसाच्या गणपतीचंही आपण विसर्जन करतोच की.

एकेकाळचा पाहुणा: मी पुण्यात बहिणीकडे असाच राहिलो होतो. मेव्हणे रोज “राहा हो” म्हणायचे, मला ते खरं वाटायचं. तुमच्याकडे “राहा” कोण म्हणतंय, ते आधी बघा.

मूळ प्रश्नकर्ती: पकडलंत! मिस्टर रोज डबा उचलताना म्हणतात, “मामा, कसली घाई?” स्वतः आठ-बावन्नची लोकल पकडतात, ते रात्री नऊला उगवतात. काल विचारलं तर म्हणाले, “लहानपणी मे महिना अख्खा मामांकडे काढायचो. मामी रोज माझ्यासाठी वेगळी भाकरी थापायची, पातळ. आता मी कुठल्या तोंडाने सांगू?” मग मीही गप्प बसले. मामी मागच्या वर्षी गेल्या. तिकडच्या घरात आता मामा एकटेच.

ठाण्याची आजी: अगं, मग ते डोळ्यासाठी थांबलेले नाहीत. परीक्षेनंतर पुन्हा या, असं तारीख ठरवून सांग आणि आत्ताचं तिकीट नवऱ्यालाच काढायला लाव. महालक्ष्मी कल्याणला थांबते.

मूळ प्रश्नकर्ती: काढलं त्यांनी. शुक्रवारचं, स्लीपर. वेटिंग ११.