ब्रह्मी चित्रपटातील नायिका नेमके काय झुगारते?

प्रश्न:
नुकत्याच पाहिलेल्या एका ब्रह्मी (म्यानमारमधील) चित्रपटात खेड्यातील तरुणी घर सोडून स्वतःच्या कमाईवर जगायचे ठरवते. तिला कोणी मारहाण करत नाही; गावच्या बाजारात विक्रीला स्त्रियाच बसतात आणि घरातील पैसाही आईच्याच हाती असतो. मग तिचा विरोध नेमका कशाला आहे? आई तिची लुंगी उंच दोरीवरून काढून खाली वाळत घालते, ते दृश्य इतके लांबवण्याचे कारणही मला उमगले नाही.

प्रतिसाद १:
माझ्या मते चित्रपटाचे मर्म त्याच दृश्यात आहे. पुरुषाच्या ठायी जन्मतःच ‘फों’ नावाचे पुण्यतेज असते आणि स्त्रीच्या लुंगीखालून, म्हणजे ‘थमेइन’खालून, गेल्यास ते क्षीण होते, अशी तेथील समजूत आहे. म्हणूनच २०२१ च्या लष्करी उठावानंतर निदर्शकांनी यांगूनच्या रस्त्यांवर आडव्या दोऱ्या बांधून त्यांवर थमेइन टांगले आणि त्यांखालून जाण्यास कचरणारे सैनिक अडखळले. मंडालेच्या महामुनी बुद्धमूर्तीला सोन्याचा वर्ख लावण्याचा मानही केवळ पुरुषांना आहे.

प्रतिसाद २:
याला एक पुरवणी जोडतो. ब्रह्मी बौद्धांच्या रूढ कायद्यानुसार मुलीला मुलाइतकाच वारसा मिळतो, संसारात मिळवलेल्या मालमत्तेत पत्नीचाही हक्क असतो आणि लग्नानंतर तिचे नावही बदलत नाही. त्यामुळे ‘तुम्हाला आणखी काय हवे?’ हा प्रश्न तेथील स्त्रीला सहज विचारला जातो, आणि धर्मातील दुय्यमपणाबद्दल बोलणे तिला फार जड जाते. मुलगा श्रामणेर, म्हणजे शिकाऊ भिक्षू, झाला की आईवडिलांना पुण्य लाभते. मुलीने गुलाबी वस्त्रे नेसून ‘थिलाशिन’, म्हणजे व्रतस्थ साध्वी, व्हायचे ठरवले, तरी तिला भिक्षुणीची पूर्ण दीक्षा मिळत नाही.

प्रतिसाद ३:
तरीही शहर गाठले म्हणजे ती मुक्त झाली, असे मी म्हणणार नाही. यांगूनजवळच्या ह्लाइंग थायामधील कपड्यांच्या कारखान्यांत बहुतांश खेड्यांतून आलेल्या मुलीच काम करतात. २०१८ मध्ये आठ तासांचे किमान वेतन ४,८०० च्याट (म्यानमारचे चलन) ठरले होते. त्यातूनही अनेकजणी घरी पैसे पाठवतात, कारण आईवडिलांचे ऋण फेडणे हे लेकीचे कर्तव्य मानले जाते.

प्रश्नकर्ती:
मनःपूर्वक आभार. आता शेवटच्या प्रसंगाचा अर्थ लागला: भाड्याच्या खोलीत ती आधी पैशांचे पाकीट गावी पाठवण्यासाठी बांधून ठेवते, आणि मग आपली लुंगी खिडकीबाहेरच्या सर्वांत उंच दोरीवर टाकते.