कुरुंद म्हणजे नेमका कोणता दगड?

लाखनीहून, मूळ प्रश्न

आमच्या गावातील वाचनालयासाठी मी भंडारा जिल्ह्यातील खनिजांविषयीची एक छोटी इंग्रजी पुस्तिका मराठीत आणते आहे. मँगनीज, लोहखनिज, कायनाइट आणि सिलिमनाइट या नावांनी मला अडवले नाही, कारण खाणीवर जाणारी माणसे हेच शब्द आपापल्या उच्चारात वापरतात. अडले ते ‘कोरंडम’पाशी. पोहरा परिसरात सिलिमनाइटच्या सोबतीने हे धार लावायच्या कामी येणारे खनिज सापडते, असे पुस्तिकेत आहे. मी शब्दकोशाच्या आधाराने निःशंकपणे ‘कुरुंद’ असे लिहिले. मात्र कच्चे पान वाचून दाखवले तेव्हा वऱ्हाडातून आमच्याकडे आलेल्या एका वयस्कर पाहुण्यांनी मला मध्येच थांबवले. ते म्हणाले, “बाई, कुरुंद म्हंजे देवाचा काळा गोटा. थो धार लावाले कोन घेते?” त्यांच्या मते कुरुंद म्हणजे ज्यातून मूर्ती घडवतात तो काळा, कठीण, घोटून चकाकणारा दगड होय. मग मी ‘कुरुंद’ लिहावे की ‘कोरंडम’च ठेवावे? पान सोमवारी छपाईला जायचे आहे.

मेहकरहून

ताई, तुमच्या पाहुण्यांचे म्हणणे खरे आहे, आणि माझे आयुष्य त्याच अर्थाच्या सावलीत गेले आहे. आमच्या बाजूला देवळाचे वर्णन करताना ‘काळ्या कुरुंदाची मूर्ती’, ‘कुरुंदी दगडाचा चौथरा’ असेच म्हटले जाते. माझे आजोबा देवळापुढच्या पायरीवर बसून ‘हा कुरुंद आहे, याला शेकडो वर्षे पाऊस लागला तरी कोर गेली नाही’ असे अभिमानाने सांगत. शब्दाचा अर्थ बोलणाऱ्यांच्या तोंडी असतो. तो प्रयोगशाळेत ठरवून गावात पाठवायचा नसतो.

साकोलीहून, निवृत्त शिक्षक

मेहकरच्या भाऊंच्या आजोबांविषयी पूर्ण आदर ठेवून सांगतो की ती पायरी बेसाल्टची असणार. पश्चिम विदर्भाची जवळजवळ सगळी जमीन लाव्हारसाच्या थरांची आहे आणि तिथल्या हेमाडपंती देवळांना हाताशी असलेला दगड तोच आहे. खरा कुरुंद म्हणजे ॲल्युमिनियम ऑक्साइडचे खनिज. फ्रीडरिख मोस यांनी 1812 साली लावलेल्या काठिण्याच्या उतरंडीत गारगोटीचा क्रमांक 7, पुष्कराजाचा 8, कुरुंदाचा 9 आणि हिऱ्याचा 10 आहे. ज्या दगडापुढे पोलादी छिन्नीची धारच बोथट होईल, त्यातून कोणता पाथरवट नाक-डोळे आणि दागिन्यांची नक्षी कोरणार? बेसाल्ट छिन्नीला दाद देतो, म्हणूनच त्याचे देव झाले.

आणखी एक गोष्ट येथे नोंदवतो, कारण ती आमच्या जिल्ह्याची आहे. कुरुंद आणि गारगोटी, म्हणजे सिलिका, सहसा एकत्र नांदत नाहीत. ॲल्युमिना (ॲल्युमिनियम ऑक्साइड) भरपूर आणि सिलिका अपुरी असेल तेव्हाच कुरुंद तयार होतो. सिलिका मुबलक मिळाली की त्याच ॲल्युमिनाचा तिच्याशी संयोग होऊन सिलिमनाइट किंवा कायनाइट बनतो. पोहऱ्याला कुरुंद आणि सिलिमनाइट शेजारी-शेजारी भेटतात यामागचा हिशेब हाच आहे. वऱ्हाडच्या काळ्या दगडात हा हिशेब जुळत नाही.

लहानपणी दसऱ्याच्या सुमारास, हलके धान कापणीला येण्याआधी, आमच्या गावी साणवाला येई. त्याच्या चाकाला तो ‘कुरुंदाची साण’ म्हणे. ते चाक अखंड दगडाचे नसून वितळलेल्या लाखेत कुरुंदाची भुकटी कालवून ओतलेले असे. विळे पाजवता पाजवता चाक तापले की लाखेचा उग्र वास सुटे आणि तो चाकावर पाणी शिंपडे. माझ्यापुरता कुरुंद या शब्दाला आजही तो वास आहे.

वर्धेहून

इतका सुंदर संस्कृतोद्भव शब्द घरात असताना ‘कोरंडम’ लिहिण्याचा विचार तरी कसा सुचतो, याचे मला आश्चर्य वाटते. मूळ शब्द ‘कुरुविन्द’ आहे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत पद्मराग रत्नाची उत्पत्ती सांगताना सौगंधिक आणि स्फटिक यांच्या जोडीला कुरुविन्दाचे नाव येते. सुश्रुताने शस्त्राऐवजी वापरायच्या साधनांच्या यादीत बांबूची साल, स्फटिक आणि काच यांच्या पंगतीत कुरुविन्दाला बसवले आहे. हे मराठीत जसेच्या तसे ‘कुरुविंद’ असे आणावे, म्हणजे मेहकर आणि साकोली यांचे भांडणही मिटेल. त्याच न्यायाने कायनाइटला ‘नीलक’ म्हणता येईल.

साकोलीहून, निवृत्त शिक्षक

‘नीलक’ नको. ग्रीक भाषेतील गडद निळ्या रंगाच्या शब्दावरून कायनाइट हे नाव पडले हे खरे आहे, परंतु ते खनिज पांढरे आणि राखीही असते. त्याची मौज रंगात नसून काठिण्यात आहे, कारण स्फटिकाच्या लांबीच्या दिशेने ते चाकूने ओरखडते आणि आडव्या दिशेने चाकूला जुमानत नाही. सिलिमनाइटचे तुम्ही काय करणार? ते 1824 साली बेंजामिन सिलिमन या अमेरिकी रसायनशास्त्रज्ञाच्या नावावरून ठेवलेले आहे. माणसाच्या आडनावाचे भाषांतर करीत नाहीत.

सिरोंचाहून

आमच्या घरात मराठी आणि तेलुगू दोन्ही भाषा नांदतात, म्हणून थोडी वेगळी बाजू मांडतो. तेलुगूत या दगडाला ‘कुरुविंदम्’ आणि तमिळमध्ये ‘कुरुंदम्’ म्हणतात. इंग्रजी ‘कोरंडम’ आला तो दक्षिणेतील याच बोलींतून. जॉन वुडवर्ड यांनी 1725 मध्ये हिंदुस्थानातून आलेल्या या दगडाची नोंद ‘कोरिविंडम’ अशी केली, आणि पुढे 1798 मध्ये चार्ल्स ग्रेव्हिल यांनी आशियातील कोरंडमवर लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे निबंध वाचला, तेव्हापासून आजचे रूप रुळले. थोडक्यात, वर्धेच्या काकांना जो शब्द परका वाटतो तो आपल्याच दारातून बाहेर गेलेला आहे. लेक सासरहून वेगळे लुगडे नेसून आली म्हणून तिला कोणी परकी म्हणत नाही.

मुळात हा शब्द संस्कृतातून दक्षिणेत गेला की दक्षिणेतून संस्कृतात, यावर मी पैज लावणार नाही. तरी माझा कल दुसऱ्या बाजूला आहे. कठीण दगड दक्षिणेत जास्त सापडतो, आणि वस्तू ज्या गावची असते तिथलेच नाव तिच्याबरोबर प्रवास करते.

वर्धेहून

कल असणे आणि पुरावा असणे यांत अंतर आहे. ‘कुरून् विन्दति’ अशी फोड करता येते आणि ती व्याकरणाला धरून आहे.

सिरोंचाहून

काका, अशी फोड ‘गोविंद’ या नावाला शोभते. धार लावण्याच्या दगडाने कुरूंना कशासाठी मिळवावे, हे समजावून सांगाल तर मी माझा कल आनंदाने मागे घेईन.

दर्यापूरहून, शेतकरी

चर्चेत शिरण्याचे धाडस करतो, कारण अमरकोशात ‘कुरुविन्द’ हे दगडाचे नव्हे तर मोथा या तणाचे नाव म्हणून दिले आहे. मुस्ता, मुस्तक आणि कुरुविन्द हे सारे आपल्या शेतातील मोथाच होय. ज्याने कपाशीच्या ओळीतून मोथा खणून काढला आहे त्याला दोन्ही अर्थांचे नाते सांगावे लागणार नाही. मोथ्याची गाठ काळी आणि टणक असते, कुळवाने तुटते, पण मरत नाही. एकीच्या दहा होतात. माझा स्वतःचा तर्क असा आहे की गाठीवरून दगडाला नाव मिळाले असावे, कारण कच्चा कुरुंदही मातीत बोंडासारखा गाठाळ मिळतो. हा तर्क कोणी खोडला तरी मला दुःख नाही. मोथा मात्र कोणीतरी खोडून दाखवावा.

मेहकरहून

मोथ्यापर्यंत आलो, पण माझ्या मुद्द्याला कोणीच हात घातला नाही. चार पिढ्या एखाद्या दगडाला कुरुंद म्हणत आल्या असतील, तर तो अर्थ ‘चूक’ कसा ठरतो? साणवाल्याचा कुरुंद तुमच्याकडे होता म्हणून तुमचा अर्थ टिकला. आमच्याकडे तो दगड नव्हता, शब्द मात्र फिरत फिरत आला आणि आमच्या सर्वांत कठीण दगडाला जाऊन चिकटला. याला मी भाषेची चूक म्हणणार नाही.

साकोलीहून, निवृत्त शिक्षक

हे तुम्ही नेमके बोललात, आणि ‘चूक’ हे माझे म्हणणे मी तेवढ्यापुरते मागे घेतो. तुमच्या आजोबांचा कुरुंद हा एक गुण आहे, साणवाल्याचा कुरुंद हे एक काम आहे आणि पुस्तिकेतला कुरुंद ही एक घडण आहे. माझी अडचण इतकीच आहे की पुस्तिका वाचून एखादा मुलगा देवळाच्या पायरीत ॲल्युमिनियम शोधायला नको.

अचलपूरहून, पिठाच्या गिरणीचे मालक

आमच्या धंद्यातील गोंधळ याहून मोठा आहे. चक्कीच्या पाटांना आम्ही ‘एमरी’ म्हणतो. एमरी म्हणजे लोहखनिज मिसळलेला काळपट कुरुंदच, असे मला पाट विकणाऱ्याने सांगितले होते आणि वाचल्यावर ते खरे निघाले. हार्डवेअरच्या दुकानात धार लावण्याची जी वडी मिळते तिला दुकानदार ‘कार्बोरंडम’ म्हणतो, आणि गिऱ्हाईक तिलाही कुरुंद म्हणते. प्रत्यक्षात तिच्यात कुरुंदाचा कणही नाही. ते सिलिकॉन कार्बाइड आहे. अमेरिकेत एडवर्ड ॲचेसन यांनी 1890 नंतरच्या वर्षांत ते विजेच्या भट्टीत बनवले आणि हा कार्बन व कोरंडम यांचा संयोग आहे अशा समजुतीने दोन्ही नावे जोडली. शास्त्रज्ञ स्वतःच नाव ठेवताना फसला असेल, तर मेहकरच्या आजोबांना दोष देण्यात अर्थ नाही.

माणिक आणि नीलम हेदेखील कुरुंदच आहेत, हे अजून कोणी सांगितले नाही. क्रोमियमचा अंश आला की लाल, लोह आणि टायटॅनियम आले की निळा. माझ्या सासूबाईंच्या अंगठीतील माणकाला मी एकदा ‘साणेचा दगड’ म्हटले होते. पुढचे दोन दिवस घरातली चक्की बंद होती.

साकोलीहून, निवृत्त शिक्षक

ज्यांना स्वतः पडताळायचे आहे त्यांनी काचेवर ओरखडा काढून निकाल देऊ नये, कारण काच बेसाल्टनेही ओरखडते. नदीतली स्वच्छ पांढरी गारगोटी घ्यावी आणि तिच्या गुळगुळीत अंगावर संशयित दगडाची कोर दाबून ओढावी. पडलेली रेघ ओल्या बोटाने पुसावी. ती पुसली गेली तर तो दगडाचाच चुरा होता. खाच राहिली तर दगड कुरुंदाच्या योग्यतेचा आहे. वजनही बोलते: कुरुंद पाण्याच्या चौपट जड असतो, तर बेसाल्ट तिपटीच्या आसपास राहतो. मूर्तीवर हा प्रयोग कोणी करू नये. पुजारी दगडाचे आणि तुमचे, दोन्हींचे काठिण्य तपासतील.

लाखनीहून

गुरुजी, तुमचे वाचून मी माळ्यावरच्या पेटीतून सासऱ्यांच्या वेळचा साणेचा तुकडा काढला. गारगोटीवर ओढला तेव्हा स्पष्ट खाच पडली आणि ती ओल्या बोटाने गेली नाही. तुकड्याची कड दिव्यावर धरली तर लाख मऊ झाली आणि तुम्ही सांगितला तोच वास घरभर पसरला. आमचे पाहुणे अजून इथेच आहेत. त्यांनी तुकडा हातात घेऊन उलटसुलट पाहिला, खाचेवरून नख फिरवले आणि म्हणाले, “हे साण आहे. कुरुंद वेगळा.”

तुमच्यापैकी तिघे ‘कुरुंद’ म्हणाले असे मी धरते आहे, वर्धेचे काका ‘कुरुविंद’वर ठाम आहेत आणि सिरोंच्याच्या भाऊंचे मत ‘कोरंडम’च्या बाजूने समजावे की कसे, हे मला तीनदा वाचूनही ठरवता आले नाही. पानावर तूर्त त्या शब्दाची जागा रिकामी सोडली आहे. दर्यापूरच्या दादांना मात्र विचारायचे आहे की बांधावरचा मोथा उन्हाळ्यात खणला तर गाठी वाळून मरतात का, कारण आमच्या धानाच्या बांध्यांत तो यंदा फार माजला आहे.

दर्यापूरहून, शेतकरी

ताई, एप्रिलच्या उन्हात खोल नांगरून गाठी वर उघड्या पाडल्या तर बऱ्याच वाळतात. मात्र बांधावरच्या सावलीतल्या गाठी हाताने वेचून काढाव्या लागतील.