अनुभव धागा: जपानच्या प्रवासात सुशीचा पहिला वर्ग

मुलांकडे, कामानिमित्त किंवा नुसतं फिरायला जपानला जाणारी सातारा-सांगलीकडची मंडळी हल्ली तिथं दोन-तीन तासांचा सुशीचा वर्ग करून येतात. घरी आल्यावर एकदा करून बघतात, भात फिसकटतो, गुंडाळी फुटते आणि बांबूची चटई कपाटात जाते ती जातेच. ज्यांचा यात हात बसला आहे त्यांनी इथं लिहावं. प्रवासवर्णन नको. माप, कृती, काय बिघडतं आणि का, एवढं लिहा.

कराड

वर्ग ठरवण्याआधी एकच प्रश्न नक्की विचारा: भात आमच्यासमोर होणार की तयार मिळणार? तांदूळ धुणं, भिजवणं, शिजवणं, मुरवणं यात सव्वा-दीड तास जातो. त्यामुळे छोट्या वर्गात कालवलेला भात आयता समोर येतो आणि आपण फक्त गुंडाळायला शिकतो. गुंडाळणं घरी दहा वेळा करून जमतं, भाताचं तसं नाही. सुशी म्हणजे मुळात व्हिनेगर घातलेला भात, मासा त्याच्या सोबतीला. म्हणून निदान व्हिनेगर कालवण्याची पायरी तरी बघायला मिळेल असा वर्ग घ्या. तिथं भाताचा एक दाणा बोटात दाबून बघा, कोमट असताना चव घ्या. ती जिभेवर राहिली की घरी माप आपोआप जुळतं.

टोकियोत वर्ग शोधताना त्सुकिजीचं नाव सारखं येतं. तिथला मासळीचा घाऊक बाजार ऑक्टोबर २०१८ मध्ये तोयोसूला हलला. बाहेरची दुकानं आणि खाण्याच्या गल्ल्या मात्र त्सुकिजीतच आहेत. पत्ता नीट वाचा, दोन्ही ठिकाणं वेगळी आहेत.

सांगली, विश्रामबाग

भाताचं सविस्तर लिहिते, कारण इकडे सगळं तिथंच अडतं.

बासमती किंवा कोलम घेऊ नका. त्यांचा दाणा सुटा राहतो आणि कितीही दाबला तरी धरत नाही. आपल्याकडे मिळणाऱ्यांत इंद्रायणी सगळ्यात जवळचा. नवा असेल तर जास्त चिकट होतो आणि पाणी कमी लागतं, जुना जास्त पाणी पितो. दुकानदाराला विचारूनच घ्या.

३०० ग्रॅम तांदूळ तीन-चार पाण्यांनी हलक्या हाताने धुवा. जोरात चोळला तर दाणा तुटतो आणि कणी भाताची खळ करते. अर्धा तास भिजवा, मग चाळणीत दहा मिनिटं निथळा. जपानी तांदळाला मापाइतकंच पाणी किंवा किंचित जास्त पुरतं. इंद्रायणीला वाटीला सव्वा वाटीपासून सुरुवात करा. कुकरच्या शिट्ट्या नकोत, गिचका होतो. जाड बुडाचं पातेलं आणि घट्ट झाकण घ्या. उकळी आली की आच एकदम मंद करून १२ मिनिटं, मग गॅस बंद करून १५ मिनिटं. मध्ये झाकण उघडायचं नाही.

तेवढ्यात व्हिनेगर तयार करा: तांदळाचं व्हिनेगर ४५ मिली, साखर दीड मोठा चमचा, मीठ १ छोटा चमचा. साखर विरघळेपर्यंत कोमट करायचं, उकळायचं नाही, कारण उकळलं की आंबटपणा वाफेबरोबर उडतो. घरातलं साधं पांढरं व्हिनेगर वापरणार असाल तर ३० मिली व्हिनेगर आणि १५ मिली पाणी घ्या. त्याची चव बोचरी असते.

जपानात भात कालवायला हांगिरी नावाचं पसरट लाकडी भांडं असतं. आपली भाकरीची काठवट तेच काम करते. लाकूड जादा पाणी शोषून घेतं, स्टीलच्या परातीत ते तळाशी साचतं आणि खालचा भात लगदा होतो. काठवट आधी पाण्याने भिजवून पुसून घ्या, नाहीतर भातही चिकटेल आणि व्हिनेगरही लाकूडच पिऊन टाकेल. कल्हई उडालेली पितळी परात अजिबात नको, आंबट लागलं की कळकतं.

भात कडकडीत गरम असतानाच व्हिनेगर सगळीकडे शिंपडा. थंड भात ते आत घेत नाही, दाणा बाहेरून ओला आणि आतून फिका राहतो. चपटा लाकडी उलथना तिरका धरून भात कापल्यासारखा परतायचा, ढवळायचा नाही. पंख्याने वारा घालायचा तो व्हिनेगर मुरल्यावर. वरचं ओलं उडून दाण्याला चकाकी येते. आधीच वारा घातला तर भात निवतो आणि व्हिनेगर बाहेरच राहतं. हाताला कोमट लागेपर्यंत निववा आणि ओल्या पंचाने झाका.

वाई

विश्रामबागच्या ताईंनी भाताचं सगळं सांगितलंच आहे. मी गुंडाळीचं सांगतो.

नवशिक्यांना वर्गात बहुधा होसोमाकी, म्हणजे बारीक गुंडाळी, आधी शिकवतात. नोरी म्हणजे समुद्री शेवाळाचा वाळवलेला पातळ कागद. पूर्ण कागद साधारण २१ बाय १९ सेंटीमीटर असतो, त्याचा अर्धा घ्यायचा. गुळगुळीत बाजू चटईकडे, खरखरीत बाजू वर. भात ८० ग्रॅम. वर्गात हे वजन एकदा काट्यावर करून बघा, कारण नवीन माणूस हमखास सव्वाशे घेतो आणि मग कागद मिटतच नाही. पलीकडच्या कडेला १ सेंटीमीटर पट्टी मोकळी सोडा. भात बोटांच्या टोकांनी पसरायचा, थापायचा नाही. आपला हात भाकरीचा, तो नकळत दाबतो.

हाताला लावायला पाण्यात थोडं व्हिनेगर घालून ठेवतात, त्याला तेझु म्हणतात. हात ओला करून एकदा टाळी वाजवायची म्हणजे जादा पाणी उडतं. पाणी जास्त राहिलं तर नोरी मऊ पडून फाटते.

काकडी असेल तर मधल्या बिया काढा, त्यातलं पाणीच गुंडाळी बिघडवतं. १ सेंटीमीटर जाडीची एक लांब काडी पुरे. भाताच्या बरोबर मधोमध ठेवा, मग चटईची अलीकडची कड उचलून भाताच्या पलीकडच्या कडेवर एका झटक्यात टेकवा. हळूहळू गुंडाळत गेलं की आत पोकळी राहते. वरून आणि बाजूंनी हलका दाब द्या आणि जोड खाली करून मिनिटभर ठेवा.

कापताना सुरी ओल्या फडक्याने दर कापाला पुसायची. आधी मधोमध, मग दोन्ही अर्धे शेजारी ठेवून दोन काप. सहा तुकडे होतात. सुरी ओढायची, दाबायची नाही.

सातारा, शाहूपुरी

नोरीबद्दल एक भर. तिकडून आणलेलं पाकीट आपल्या पावसाळ्यात उघडलं की दोन दिवसांत मऊ पडतं. महाबळेश्वर-पाचगणीकडे तर तासाभरात. घट्ट डब्यात, पाकिटातली ओल शोषणारी पुडी तशीच ठेवून बंद करा. मऊ पडली असेल तर पापड भाजतो तशी, पण आचेपासून वीतभर वर धरून दोन-तीन सेकंद फिरवा. हिरवट झाक आली की थांबा. त्यापुढे ती कडू होते.

सांगली, गावभाग

शाकाहारी आणि जैन घरांसाठी लिहिते. हे नीट समजून न घेता वर्गाला गेलं तर तिथं फक्त काकडी हातात येते.

मासा नको म्हटलं तरी दाशी राहते. दाशी म्हणजे रश्शाचं मूळ पाणी, बहुतेकदा सुकवलेल्या बोनिटो माशाच्या किसाचं. मिसो सूप, गोड अंड्याची वडी, इनारीच्या तळलेल्या टोफूच्या पिशव्या, शिजवलेले मशरूम, काही वेळा तयार सुशी-व्हिनेगर, यांपैकी कशातही ती असू शकते. खेकड्याच्या नावाने मिळणारी लाल-पांढरी कांडी माशाच्याच लगद्याची असते. आरक्षण करतानाच लिहून कळवा, आयत्या वेळी बदल होत नाहीत. तोंडी सांगायचं तर ‘निकु तो साकाना वा ताबेमासेन’, म्हणजे मांस-मासे खात नाही, आणि पुढे ‘दाशी मो दामे देसु’, दाशीही चालत नाही. मिरिन म्हणजे स्वयंपाकात घालायचं गोड द्रव, त्यात मद्य असतं, तेही ज्यांना चालत नाही त्यांनी विचारावं. सोया सॉसमध्ये गहू असतो, गव्हाचं पथ्य असेल तर लक्षात ठेवा.

जैनांना आलं चालत नाही, म्हणजे सोबतची गारी, आल्याचं लोणचं, गेली. वासाबी, म्हणजे सुशीसोबतची झणझणीत हिरवी चटणी, हाही जमिनीलगतचा कंदासारखा खोडाचा भाग, तोही गेला. मग उरतं काय? काकडी, अव्होकाडो, तीळ आणि कानप्यो. हा कानप्यो आपल्या माणसांनी अवश्य मागावा, कारण तो आपल्या दुधीच्याच जातीचा भोपळा आहे. लांब पट्ट्या काढून उन्हात वाळवतात, आणि जपानातला बहुतेक कानप्यो तोचिगी प्रांतातून येतो. बाजारातल्या पट्ट्यांना गंधकाची धुरी दिलेली असू शकते, म्हणून धुऊन, मीठ चोळून, पुन्हा धुवायच्या. नखाने सहज तुटेपर्यंत उकळा, मग सोया सॉस आणि साखरेत पाणी आटेपर्यंत शिजवा. वर्गातला तयार कानप्यो मात्र दाशीत शिजलेला असू शकतो, विचारून घ्या.

घरी करायचा तर कोवळा दुधी नको, आकसून त्याचा दोरा होतो. मध्यम जून दुधीचा बियांचा भाग सोडून गराच्या ३ मिलिमीटर जाड, ३ सेंटीमीटर रुंद पट्ट्या काढा आणि एप्रिलच्या उन्हात दोरीवर वाळत घाला. वाकवल्यावर चामड्यासारख्या लागल्या की झाल्या. आपल्याकडचं ऊन यासाठी फार चांगलं.

तासगाव

गावभागच्या काकूंच्या यादीत ज्यांना मुळा चालतो त्यांच्यासाठी भर. पिवळा ताकुआन म्हणजे जपानी मुळ्याचं लोणचं. पारंपरिक पद्धतीत वाळवलेला मुळा तांदळाच्या कोंड्यात मुरवतात. बाजारातल्या काही ताकुआनला पिवळा रंग हळदीनेच देतात, आणि सांगलीची हळद तर हाताशी आहे. पाव किलो मुळ्याच्या बोटभर जाड कांड्या करून १ छोटा चमचा मीठ लावा, तासाभराने घट्ट पिळा. उग्र वास याच पाण्याबरोबर जातो. ६० मिली व्हिनेगर, ६० मिली पाणी, ४ मोठे चमचे साखर आणि पाव छोटा चमचा हळद कोमट करून ओता, दोन दिवस फ्रीजमध्ये ठेवा. हळद जास्त झाली तर तुरट लागते आणि भातही पिवळा पडतो.

मिरज

कच्च्या माशाबद्दल स्पष्ट लिहायला हवं. वर्गात निगिरीला, म्हणजे भाताच्या छोट्या मुटक्यावर माशाचा काप ठेवलेल्या सुशीला, कच्चा ट्यूना किंवा सॅमन देतात, तो त्याच कामासाठी सांभाळलेला असतो. परत येऊन तेच इथल्या मासळीवर करू नका. कृष्णेचा, तळ्याचा, कुठलाही गोड्या पाण्यातला मासा कच्चा खायचा नाही, त्यातले जंत माणसाच्या पोटात शिरतात. कोकणातून घाट चढून येणारा मासा बर्फात असतो, खोल गोठवलेला नसतो. समुद्री माशातल्या आनिसाकिस जंतासाठी जपानचं आरोग्य खातं उणे २० अंशांवर किमान २४ तास गोठवायला सांगतं. घरचा फ्रीज तिथं भरवशाने पोचत नाही. व्हिनेगर, मीठ, वासाबी यांनी हा जंत मरत नाही.

त्याऐवजी कोळंबी घ्या. सालासकट पोटाच्या बाजूने बांबूची काडी शेपटीपर्यंत घाला म्हणजे आकसून गोल होत नाही. मिठाच्या उकळत्या पाण्यात दोन-तीन मिनिटं, लगेच बर्फाच्या पाण्यात, मग काडी फिरवून काढा. सोला आणि पोटाकडून चिरून उघडा.

निगिरीला भात १५ ते १८ ग्रॅम. लाडू वळायचा नाही. दोन-तीन हलके दाब पुरेत, आत हवा राहिली पाहिजे. उचलताना टिकावी आणि तोंडात सुटावी, ही तिची परीक्षा. सोया सॉसमध्ये माशाची बाजू बुडवा, भाताची बुडवली की तो वाटीतच सुटतो.

फलटण

सुरीसाठी टोकियोत काप्पाबाशी ही भांड्यांची पेठ चांगली. पण माशाची लांब यानागिबा सुरी नवशिक्याने घेऊ नये. तिला एकाच बाजूने धार असते आणि ती बहुधा उजव्या हाताची असते. डावखुऱ्यांनी मुद्दाम विचारावं. काकडी-गुंडाळीला दोन्ही बाजूंची धार असलेली सांतोकु पुरते. विकत घेतली की दुकानाच्या खोक्यातच ठेवा, गावात हिंडताना पिशवीत बाळगू नका, कारण ६ सेंटीमीटरहून लांब पातं विनाकारण जवळ ठेवणं तिथं गुन्हा आहे. विमानात सुरी आणि व्हिनेगरची बाटली, दोन्ही चेक-इन सामानात.

सांगली, विश्रामबाग

भात उरला तर काय करायचं, तेही सांगते. फ्रीजमध्ये ठेवला तर दाणा कडक होतो आणि उन्हाळ्यात बाहेर ठेवायचा नाही, म्हणून लागेल तेवढाच करा. तरी उरलाच तर क्योतो-ओसाकाकडे थंडीत मुशिझुशी करतात, वाफवलेली सुशी. मोदकपात्रात भाताच्या वाट्या ठेवा, वर शिजवलेला कानप्यो आणि मशरूम पसरा, झाकणाला फडकं बांधा म्हणजे पाणी गळणार नाही, आणि दहा मिनिटं वाफ द्या. कच्चं काही त्यावर ठेवू नका, नोरीही वाफेनंतर चुरून घाला.