आलु तामा: चवळी-बटाटा टणक, रस्सा कडू. काय चुकतंय?

पाटावरवंटा:
नेपाळी आलु तामा करते आहे. बटाटा, बोडी म्हणजे आपली चवळी, आणि तामा म्हणजे बांबूचे आंबवलेले कोंब. चवळी रात्रभर भिजवली. मोहरीच्या तेलात एक चमचा मेथीदाण्याची फोडणी केली, मग कांदा, आलं-लसूण, बटाटा, चवळी, तामा, टोमॅटो असं सगळं एकत्र परतून पाऊण तास उकळलं. तरी चवळी कचकचते, बटाट्याचा गाभा टणक आणि रस्सा कडवट. बरणीचा उग्र वासही जात नाही. चार जणांचं प्रमाण आणि क्रम सांगाल का?

खलबत्ता:
घोळ क्रमातच आहे. तामा आंबट, टोमॅटोही आंबट, आणि आंबटात चवळी-बटाटा मऊ होत नाही. कितीही उकळा, टणकच राहणार. दोन्ही आधी शिजवायचे, आंबट नंतर.

प्रमाण: कोरडी चवळी १०० ग्रॅम, बटाटे ३०० ग्रॅम, तामा १५० ग्रॅम, मोहरीचं तेल ३ मोठे चमचे, मेथीदाणे पाव छोटा चमचा, हळद अर्धा, जिरेपूड आणि धणेपूड एकेक, तिखट एक, आलं-लसूण वाटण एक मोठा चमचा, एक कांदा, एक टोमॅटो.

भिजवलेली चवळी कुकरला दोन शिट्ट्या. बोटांत दाबली की पिठूळ फुटली पाहिजे, पण साल सुटता कामा नये. ते पाणी टाकू नका, रश्श्याला दाटपणा त्याच्यामुळेच येतो.

तेल धूर येईपर्यंत तापवा, मग आच कमी करून मेथी घाला. ती गडद तपकिरी झाली की लगेच कांदा. काळी पडली तर रस्सा कडू होणारच, आणि तुम्ही तर चौपट घातलीत. कांद्यावर वाटण, हळद, मग मोठ्या फोडींचे बटाटे पाच मिनिटं परता. चवळीच्या पाण्यासकट साधारण चार वाट्या पाणी घालून बटाटा पूर्ण शिजू द्या. सुरी आरपार गेली की मगच चवळी, टोमॅटो, तिखट, पुडी आणि तामा. मंद आचेवर १२-१५ मिनिटं. तामा खारट असतो, म्हणून मीठ अगदी शेवटी, चाखून.

चुलखंड:
वासाबद्दल: तामा निथळून गार पाण्यात दोनदा धुवा, घट्ट पिळा आणि वेगळ्या चमचाभर तेलात हळद टाकून कडा कोरड्या होईपर्यंत परता. वास सौम्य होतो. पण पूर्ण घालवायचा हट्ट धरू नका, आलु ताम्याची ओळखच ती आहे. जास्त वेळ पाण्यात भिजत ठेवलात तर आंबटपणाही निघून जाईल.

पाटावरवंटा:
दोघांचे आभार. पावसाळ्यात बाजारात ताजे कोंब मिळतात, विदर्भात वास्ते म्हणतात ते. ते चालतील का? आणि जिंबू (नेपाळात फोडणीला घालतात ती कांदा-लसणीच्या वासाची वाळवलेली पात) घालतात का?

खलबत्ता:
ताजे कोंब कच्चे कधीच नाही. त्यांत सायनाइड तयार करणारं द्रव्य असतं. सोलून पातळ चकत्या करा, भरपूर पाण्यात झाकण न ठेवता २० मिनिटं उकळा, ते पाणी फेकून द्या आणि परत एकदा धुवा. मग वापरा. त्यांना आंबटपणा नसतो, तेव्हा टोमॅटो दोन घ्या आणि उतरवताना लिंबू पिळा. भाजी छान होते, मात्र तिला तामा म्हणता येणार नाही. डब्यातले साध्या पाण्यातले कोंबही याच गटातले, फक्त ते आधीच शिजलेले असतात. व्हिनेगरमधले टाळा, नुसता झणका येतो.

जिंबू इथे नको. तो काळ्या उडदाच्या डाळीच्या फोडणीत शोभतो.

चुलखंड:
एक राहिलं. परतायला लोखंडी कढई उत्तम, पण तामा पडायच्या आधी सगळं स्टीलच्या पातेल्यात काढा. लोखंडात आंबट रस्सा काळपट होतो आणि लोखंडाची चव उतरते. सकाळचं संध्याकाळी खाल्लंत तर जास्त मुरलेलं लागेल, गरम करताना अर्धी वाटी गरम पाणी घाला.