अथणीच्या माळावर १२०० मीटरची धावपट्टी पुरेल का?

माळकरी_अथणी (प्रश्न):
नमस्कार मंडळी. अथणी तालुक्याच्या पूर्व अंगाला, तेलसंग-ऐगळीकडं, लांबच लांब सपाट कोरडं रान आहे. पाऊस पाचशे-सहाशे मिलिमीटरच्या घरात, झाडी नाही, डोंगर नाही. त्यामुळं "इथं लहान विमानतळ सहज होईल, १२०० मीटरची पट्टी टाकली की बास" असं बोललं जातं. मंगोलियात, कझाकस्तानात असल्याच कोरड्या गवताळ माळावर लहान गावांना विमानं जातात, मग आपल्याकडं का नको, असाही एक मुद्दा निघतो. जाणकारांनी सांगावं: १२०० मीटरवर नेमकं कुठलं विमान उतरेल? आणि सपाट मोकळी जागा असूनही कुठं अडतं? राजकारण नको, आकडे हवेत.

कोष्टकवाला:
माळकरी, १२०० मीटरवर नऊ आसनी सेसना कॅरावॅन चालेल. ७० आसनी एटीआर पूर्ण भारानिशी चालणार नाही. कारण दोन, उंची आणि ऊन.

विमान बनवणारी कंपनी लांबीचा आकडा देते तो समुद्रसपाटीचा आणि १५ अंशांचा. एटीआर ७२-६०० चा तो आकडा साधारण १३०० मीटर. अथणी समुद्रसपाटीपासून सुमारे ५५० मीटरवर. आयकाओचा (आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेचा) ठोकताळा असा: दर ३०० मीटर उंचीला ७ टक्के वाढवा. म्हणजे १२.८ टक्के, लांबी झाली १४६७. मग तापमान. ५५० मीटर उंचीवर प्रमाण तापमान ११.४ अंश धरतात. आपल्याकडं सगळ्यांत तापलेल्या महिन्यातल्या कमाल तापमानाची सरासरी ३९ धरली तर फरक २७.६ अंश. दर अंशाला १ टक्का, लांबी गेली १८७२ वर. धावपट्टीला अर्धा टक्का चढ असेल तर आणखी ५ टक्के. शेवटचा आकडा १९६५ मीटर.

आता इथं एक मेख आहे. उंची आणि तापमान मिळून वाढ ३५ टक्क्यांच्या वर गेली की हा ठोकताळा वापरायचा नाही, त्या विमानाच्या तक्त्यांवरून स्वतंत्र अभ्यास करायचा, असं आयकाओचीच पुस्तिका सांगते. आपली वाढ ४४ टक्के होते. म्हणून १९६५ हा अंदाज समजा, आराखड्यात तसाच उचलून घालू नका.

वैमानिकाच्या भाषेत हेच वेगळ्या तऱ्हेनं येतं. प्रमाण तापमानाच्या वर दर अंशाला १२० फूट उंची वाढली असं समजायचं. १८०० फुटांवरची अथणी ४० अंशांना सव्वापाच हजार फुटांवरच्या गावासारखी वागते. हवा विरळ, पंखाला उचल कमी, पंख्याला ओढ कमी, इंजिनाची ताकदही उतरलेली.

कॅरावॅनला मूळ लांबी सुमारे ६६० मीटर लागते. वरचंच गणित लावलं की ९५० आणि चढासकट हजाराच्या आसपास. १२०० मध्ये बसतं, थोडी राखीवही उरते. ओडिशात उत्केलासारख्या लहान ठिकाणी हेच विमान वापरलं गेलंय.

एटीआरच हवं असेल आणि पट्टी १७५० च असेल, तर सकाळचं वेळापत्रक धरा. २५ अंशांना तीच बेरीज १७५० वर थांबते. दुपारी दोनचं विमान मात्र माणसं किंवा इंधन कमी करूनच निघेल. त्यातून लहान ठिकाणी इंधन मिळत नसलं तर विमान परतीचं इंधनही येतानाच घेऊन येतं, म्हणजे वजन आणखी वाढलं. १२०० ची घोषणा करणाऱ्यांनी ही बेरीज करून बघावी की एकदा.

मुरूम_डांबर:
लांबीचं वर आलंच. माझ्या मते खरं अडतं ते जमिनीत. मंगोलियाचं उदाहरण म्हणूनच इथं लागू पडत नाही.

तिथं पाऊस जेमतेम, थंडीत जमीन दगडासारखी गोठलेली, आणि वरचा थर बहुतेक खडी-वाळूचा. तसल्या जमिनीवर खडी पसरून दाबली तरी पट्टी टिकते. एटीआर, डॅश ८ यांना खडीवर उतरण्यासाठी वेगळा संरक्षक संचही मिळतो. आपल्याकडं वरून रान कोरडं दिसतं, पण खाली काळी. उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा, आणि परतीच्या पावसात तीच माती फुगून लोणी. पाणी मुरल्यावर काळ्या मातीचा सीबीआर, म्हणजे भार सोसण्याच्या ताकदीचा आकडा, २ ते ४ वर येतो. आयकाओच्या २०२४ पर्यंतच्या वर्गवारीत ४ च्या खालची जमीन म्हणजे सगळ्यांत कमजोर, 'ड' वर्ग होता.

अशा जमिनीवर थेट खडी-डांबर केलं की पहिलं नुकसान कडांना होतं. मधल्या भागाखालची ओल वर्षभर सारखी राहते, कारण वर झाकण आहे. कडेची माती मात्र दर मोसमात फुगते आणि आकसते. कडेपासून दोन-तीन मीटरवर लांबच लांब उभी भेग पडते, तिच्यातून पाणी आत जातं, मग मधलाही भाग बसतो. रस्त्यावर असं झालं तर गाडी हळू न्या म्हणता येतं. धावपट्टीवर सुटलेला एक खडा पंख्यात गेला तर पात्याचा तुकडा उडतो.

उपाय ठरलेला आहे, स्वस्त नाही. काळी माती काढायची आणि न फुगणारा मुरूम ६०० मिलिमीटर ते १ मीटर जाडीचा थर-थर दाबून भरायचा. माती चुन्यानं सुधारायची असेल तर वजनाच्या ३ ते ५ टक्के चुना, पण तो मातीत नीट मिसळला जाणं हेच अवघड काम. हिशोब करा: २००० मीटर लांब, खांद्यांसकट ४५ मीटर रुंद, १ मीटर जाड, म्हणजे दाबून बसलेला ९०,००० घनमीटर मुरूम. सुटा धरला तर दहा घनमीटरच्या टिपरच्या ११,००० वर खेपा. जवळ खाण नसेल तर सगळा खर्च वाहतुकीतच जातो. हा भाग बेसाल्टचा असल्यानं मुरूम मिळतो, पण जागा निवडताना खाण किती लांब आहे हे आधी बघा, टर्मिनलचं चित्र नंतर.

आणि एक. पट्टीला लागून ऊस नको. पाटाचं पाणी बारमाही मुरत राहिलं तर एक कड कायम ओली, दुसरी कोरडी.

टेहळणी_बुरूज:
वरच्या दोघांचं बरोबर. मी पट्टीबाहेरचं लिहितो.

दिशा: पावसाळ्यात वारा पश्चिम-नैर्ऋत्येचा, म्हणून इकडच्या पट्ट्या पूर्व-पश्चिमेकडं झुकतात. सांबऱ्याच्या बेळगाव विमानतळाची ०८/२६ आहे, म्हणजे ८० आणि २६० अंशांच्या दिशेची, लांबी २३०० मीटर. आडवा वारा मर्यादेत राहील असा वेळ वर्षात निदान ९५ टक्के मिळाला पाहिजे. लांब पट्टीवरच्या विमानाला ही मर्यादा २० नॉट धरतात, १२०० च्या आतल्या लहान विमानाला फक्त १०. म्हणून लहान पट्टीची दिशा चुकली तर फटका जास्त. वाऱ्याची दिशा दाखवणारा कापडी मोजा निदान ३.६ मीटर लांब, तोंड ०.९ मीटर, आणि वरून ३०० मीटरवरून दिसला पाहिजे. धुळीनं नारिंगी रंग दोन उन्हाळ्यांत मातकट होतो, कापड बदलायचं असतं हे विसरलं जातं.

धूळ पापीच्या, म्हणजे वैमानिकाला उतरण्याचा कोन दाखवणाऱ्या पट्टीशेजारच्या दिव्यांवरही बसते. दोन पांढरे, दोन लाल दिसले तर उतरण्याचा कोन बरोबर. भिंगावर धुळीचा थर किंवा पहाटेचं दव असलं की लाल-पांढऱ्याची सीमा पुसट होते. मऊ फडक्यानं पुसणं हे तपासणीच्या यादीतलं रोजचं काम असलं पाहिजे.

अडथळे: "डोंगर नाही" हे खरं, पण साखर कारखान्यांच्या चिमण्या आणि जतच्या पठारावरच्या पवनचक्क्या आहेत. एटीआरसाठीची पट्टी आयकाओच्या वर्गवारीत ३ क्रमांकाची, कारण क्रमांक समुद्रसपाटीच्या मूळ लांबीवरून ठरतो, बांधलेल्या लांबीवरून नाही. तिच्याभोवती ४ किलोमीटरपर्यंत ४५ मीटरच्या वर काही नको. तिथून पुढं दर २० मीटरला १ मीटर सूट, ५.५ किलोमीटरवर १२० मीटर. तेलसंग असो वा ऐगळी, आधी नकाशावर चिमण्यांचे टिंब टाका. गळीत संपल्यावर फडातलं पाचट पेटवतात त्याचा धूर वेगळाच. दृश्य उड्डाणाला ५ किलोमीटर दिसणं लागतं, वारा पडलेल्या सकाळी तो धूर जमिनीलगत तसाच थांबतो.

अग्निशमन: एटीआर २७.२ मीटर लांब, म्हणजे वर्ग ५, फोमसाठी गाडीत ५४०० लिटर पाणी. गर्दीच्या सलग तीन महिन्यांत ७०० पेक्षा कमी उड्डाण-अवतरणं असतील तर आयकाओ एक वर्ग खाली उतरू देतं, म्हणजे २४०० लिटर. कॅरावॅनला वर्ग ३, १२०० लिटर. गाडी तीन मिनिटांत धावपट्टीच्या टोकाला पोहोचली पाहिजे. गाडीतलं संपल्यावर पुन्हा भरायला टाकी हवी. कृष्णा आटते त्या वर्षी गावाला टँकर चालू असतात, तेव्हा ही टाकी कोण भरणार ते आधीच लिहून ठेवा.

कुंपण: आठ फूट भिंत, वर काटेरी तार. कुत्री भिंतीवरून येत नाहीत, ओढ्याच्या मोरीतून येतात. मोरीला लोखंडी जाळी आणि पावसाआधी गाळ काढणं. पहिल्या पावसानंतर किडे निघतात, त्यामागून टिटव्या आणि घारी.

हिशेबनीस:
तांत्रिक झालं, आता परवानगी. २००८ च्या ग्रीनफिल्ड धोरणात चालू नागरी विमानतळापासून १५० किलोमीटरच्या आत नवा विमानतळ सहज मंजूर होत नाही, जुन्यावर काय परिणाम होईल हे तपासतात. अथणीपासून सरळ हवाई अंतर कोल्हापूर ८० च्या आसपास, सांबरा ११० च्या आसपास. विजयपूरच्या विमानतळासाठी बुरणापूरची जागा आहेच.

उडानचा, म्हणजे लहान शहरांच्या विमानसेवेला मदत देणाऱ्या केंद्राच्या योजनेचा, भरवसा धरताय? सवलतीचं विमान तीन वर्षांच्या मुदतीवर चालतं. कॅगच्या २०२३ च्या अहवालात ७७४ मार्गांपैकी ४०३ सुरूच झाले नाहीत. सुरू झालेल्या ३७१ पैकी ११२ नी तीन वर्षं पूर्ण केली आणि मार्च २०२३ ला त्यातले ५४ चालू होते. पट्टी बांधणं जमतं, रोजचं विमान टिकवणं अवघड.

माळकरी_अथणी:
आभारी आहे सगळ्यांचा. एटीआरचा नाद आता सोडलाच. नऊ आसनी विमान आणि रुग्ण न्यायची सोय एवढंच धरून कच्चा प्रस्ताव करायचा तर सुरुवात कुठून करावी? आणि माती फुगणारी आहे का हे मोठ्या प्रयोगशाळेशिवाय कळेल का?

मुरूम_डांबर:
कळतं. ठरवलेल्या रेषेवर दर २०० मीटरला २ मीटर खोल खड्डा घ्या, काळी किती खोल आहे आणि मुरूम कुठं लागतो ते नोंदवा. माती भट्टीत वाळवून ४२५ मायक्रॉनच्या चाळणीतून चाळा. १०-१० ग्रॅमचे दोन भाग, १०० मिलिलिटरच्या दोन नळ्यांत टाका, एकीत शुद्ध पाणी, दुसरीत रॉकेल. हलवून हवा काढा, २४ तास ठेवा. रॉकेलमध्ये माती फुगत नाही. पाण्यातल्या घनफळातून रॉकेलमधलं वजा करा, रॉकेलमधल्यानं भागा, शंभरनं गुणा. ५० च्या वर आलं तर ती माती भरावाला घ्यायची नाही. जिल्ह्यातल्या कुठल्याही अभियांत्रिकी कॉलेजच्या स्थापत्य विभागात हे होतं, भारतीय मानक २७२० भाग ४० म्हणून सांगा.

कोष्टकवाला:
खड्ड्यांच्या जोडीला वर्षभराच्या वाऱ्याच्या नोंदी काढा, दिशा त्याशिवाय पक्की होत नाही. आणि जमीन मागताना १२०० मीटर बाय ३० एवढीच मागू नका. दोन्ही टोकांना सुरक्षित पट्टा सोडावा लागतो. पुढं एटीआर आणायचंच ठरलं तर २००० च्या पट्टीला टोकांसकट २३०० मीटर लांब आणि २८० मीटर रुंद जागा लागेल, म्हणजे जवळपास १६० एकर, त्यात टर्मिनल आणि रस्ता धरलेला नाही.