ग्रास कटर निळा धूर सोडतोय, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. राजापूरजवळ आमची हापूसची बाग आहे. गवत काढायला 35 सीसीचा फोर स्ट्रोक ग्रास कटर वापरतो. मागच्या आठवड्यात तो टेम्पोत आडवा टाकून आणला, तेव्हापासून चालू केला की निळसर धूर येतोय.

ऑइल पाहिलं तर पातळीच्या वर होतं. या इंजिनात जेमतेम 100 मिली लागतं, भावाने अंदाजाने ओतलं होतं. जास्तीचं काढलं. एअर फिल्टरचा स्पंज ऑइलने चिंब होता, तो साबणाच्या पाण्यात धुऊन वाळवून बसवला. प्लग काळा नि ओला होता, तोही साफ केला. पेट्रोलमध्ये ऑइल मिसळलेलं नाही.

आता सुरुवातीला धूर कमी असतो, पण दाट गवतात रेस वाढवली की पुन्हा येतो. सायलेन्सरमध्ये साचलेलं ऑइल जळतंय, की पिस्टनच्या रिंगा झिजल्या? चालू करायची दोरी ओढताना इंजिनाचा दाब चांगला लागतो. इंजिन न उघडता खात्री कशी करायची? गवत वाळायला लागलंय, वणव्याच्या भीतीने जीव टांगणीला लागलाय. कुणाला अनुभव असेल तर कृपया लवकर सांगा.